बर्फावरचा आठ

गेल्या दिवाळीत मी नवी मुंबईला भाचीकडे गेलो होतो. नेरूळला तिचे घर आहे. संध्याकाळी तिची मुलगी, म्हणजे नात्याने माझी नातच, मला म्हणाली, "आजोबा, चला, माझा क्लास बघायला." गेलो. सिमेंटची एक मोकळी जागा होती. पंधरा-वीस पोरेपोरी पायांत चाकांचे बूट घालून वाऱ्यासारखी फिरत होती. आमची नात मात्र एका कोपऱ्यात. जमिनीवर खडूने काढलेली दोन मोठी वर्तुळे, एकाला एक चिकटलेली, आणि ही बाई एका पायावर तोल सांभाळीत त्या रेघेवरून हळूहळू सरकते आहे. एक वर्तुळ पुरे झाले, पाय बदलला, दुसऱ्या वर्तुळात शिरली. रेघ सुटली की पुन्हा पहिल्यापासून. मी विचारले, "अगं, इतर मुलं पळताहेत आणि तू ही काय कसरत चालवलीस?" ती म्हणाली, "आजोबा, आज नुसते आठ काढायचेत."

त्या आठाची गोष्ट आज तुम्हाला सांगायची आहे. तो आठ मुळात सिमेंटवरचा नव्हे, बर्फावरचा. आणि त्या आठाच्या रेघेवर उभी राहून एका बाईने एका मोठ्या आंतरराष्ट्रीय संस्थेला पेचात टाकले होते. तिचे नाव मॅज सायर्स.

तुम्ही म्हणाल, बर्फाशी आमचा संबंध उन्हाळ्यात लग्नघरी सरबतापुरता. खरे आहे. आपल्या मुंबईने बर्फ पाहिला तोही परदेशचा. १८३४ च्या सुमारास अमेरिकेतल्या बोस्टनकडून तळ्यांतला बर्फ कापून, लाकडाच्या भुशात गुंडाळून, जहाजांतून मुंबईच्या बंदरात येऊ लागला. गोदीजवळ त्यासाठी खास बर्फघर बांधावे लागले. असल्या मुलखात बर्फावरचा खेळ कुठून रुजणार? पण ज्या देशांत हिवाळ्यात तळी गोठून दगडासारखी होतात, तिथे शेकडो वर्षांपासून लोक बुटांना पाती बांधून बर्फावरून सरकत आले. आधी गरज म्हणून, गावाहून गावाला जाण्यासाठी. मग शर्यत आली. आणि मग कुणाच्या तरी लक्षात आले, की पाते बर्फावर रेघ उमटवते. रेघ उमटते, म्हणजे चित्र काढता येईल! या चित्र काढण्याच्या खेळाला नाव पडले फिगर स्केटिंग.

या खेळातली खुबी सगळी त्या पात्यात आहे. जेमतेम तीन-चार मिलिमीटर जाडीचे पोलादी पाते. त्याच्या तळाशी लांबीभर एक बारीक पन्हळ कोरलेली असते. त्यामुळे पात्याला एक नव्हे, दोन धारा होतात. एक आतली, पायाच्या अंगठ्याकडची, आणि एक बाहेरची, करंगळीकडची. अंग किंचित आत झुकवले की आतली धार बर्फात रुतते आणि पाय आपोआप आतल्या बाजूला वळत वर्तुळ काढू लागतो. बाहेर झुकवले की उलट. सायकल चालवताना वळणावर आपण अंग झुकवतोच ना? तसेच हे. मात्र इथे दोन चाकांऐवजी एकच धार, आणि खाली काचेसारखा बर्फ.

स्पर्धेत काय होई? खेळाडूने ठरवून दिलेल्या आकृत्या काढायच्या. साधा आठ, तीन वर्तुळांची आकृती, मध्येच वळून उलटे जाण्याच्या आकृत्या, आणि प्रत्येक आकृती पुन्हा पुन्हा, आधीच्याच रेघेवर. खेळाडू बाजूला झाला की परीक्षक बर्फावर उतरत, वाकून, प्रसंगी गुडघे टेकून, उमटलेल्या रेघा तपासत. वर्तुळ गोल आहे का, रेघ रेघेवर पडली का, पाय कुठे लडखडला. शाळामास्तर पाटीवरचे अक्षर तपासतो तसाच मामला. दुसऱ्या भागात खेळाडूने आपल्या मनाने, संगीताच्या तालावर, उड्या आणि गिरक्या घेत कौशल्य दाखवायचे. पण गुणांचे मोठे माप त्या काळी आकृत्यांच्या पदरात पडे.

आता इंग्लंडकडे येऊ. एकोणिसाव्या शतकात इंग्रजांनी या खेळाला आपल्या स्वभावासारखेच रूप दिले होते. अंग ताठ, हात बाजूला, मोकळा पाय दुसऱ्याला चिकटून, चेहऱ्यावर कसलाही भाव नाही. बर्फावर मधोमध एक संत्रे ठेवायचे आणि चारचौघांनी त्याच्याभोवती कवायत केल्यासारख्या आकृत्या काढायच्या! तिकडे युरोपखंडात मात्र वेगळेच वारे होते. जॅक्सन हेन्स नावाचा एक अमेरिकन नर्तक १८६० नंतर व्हिएन्नात गेला, आणि त्याने बर्फावर नाच आणला. हात मोकळे, कंबर लवचीक, पाय हवेत. व्हिएन्नाचे लोक वेडे झाले. इंग्रजांनी मात्र बराच काळ नाके मुरडली.

याच इंग्लंडात, लंडनमध्ये, १६ सप्टेंबर १८८१ रोजी फ्लॉरेन्स मॅडलिन केव्ह ही मुलगी जन्मली. बाप इमारती बांधणारा. मॅज हे तिचे घरचे नाव. मॅज मोठी होत होती तेव्हा लंडनला बर्फासाठी आभाळाकडे पाहण्याची गरज उरली नव्हती. १८७६ सालीच जॉन गॅमजी नावाच्या माणसाने चेल्सी भागात कृत्रिम बर्फाचे मैदान करून दाखवले होते. जमिनीखाली नळ्यांचे जाळे, त्यांतून अतिशीत द्रव फिरवायचा, वर पाणी ओतायचे की ते गोठलेच. आपल्याकडे बर्फाच्या कारखान्यात अतिथंड केलेल्या मिठाच्या पाण्यात डबे बुडवून लाद्या बनवतात ना, त्याच जातीची ही युक्ती. लाद्यांऐवजी अख्खे मैदान, इतकेच. १८९६ साली लंडनच्या नाइट्सब्रिज भागात प्रिन्सेस स्केटिंग क्लब निघाला. तो श्रीमंतांचा. मॅज तिथे जाऊ लागली आणि पाहता पाहता नावारूपाला आली.

१८९९ साली तिची एडगर सायर्स यांच्याशी ओळख झाली. एडगर तिच्याहून अठरा वर्षांनी मोठे. स्वतः नामांकित खेळाडू. त्याच वर्षी जागतिक स्पर्धेत ते तिसरे आले होते. युरोपची मोकळी पद्धत इंग्लंडात यावी म्हणून धडपडणाऱ्यांपैकी ते एक होते. त्यांनी मॅजला ताठरपणा सोडायला शिकवले. १९०० साली दोघांचे लग्न झाले. त्याच साली बर्लिनमध्ये जोडीच्या स्पर्धेत उतरून नवरा-बायकोने दुसरा क्रमांक मिळवला. नवरा गुरू आणि बायको शिष्य, हे नाते पुढे कसे उलटले ते ऐकण्यासारखे आहे. थोडे थांबा.

या खेळाची आंतरराष्ट्रीय संस्था, इंटरनॅशनल स्केटिंग युनियन, १८९२ साली हॉलंडमध्ये स्थापन झाली होती. १८९६ साली सेंट पीटर्सबर्गला पहिली जागतिक स्पर्धा भरली. मग दरसाल भरू लागली. नियम छापलेले होते. बर्फ कसा, आकृत्या कोणत्या, गुण कसे मोजायचे, सगळे होते. पण खेळाडू पुरुषच असावा, असे कुठेही लिहिलेले नव्हते. लिहिण्याची गरजच कुणाला वाटली नव्हती. बाई येईल हे मनातच आले नाही, तर नियमात कसे येणार?

१९०२ साली जागतिक स्पर्धा लंडनला भरली, आणि प्रवेशासाठी नाव आले: मिसेस सायर्स.

कल्पना करा, चालकांची काय धांदल उडाली असेल. नियमांचे पुस्तक पुन्हा पुन्हा उलटून पाहिले असेल. पण पुस्तकात मनाई नाही. तिला बर्फावर येऊ द्यावे लागले. समोर कोण होता? स्वीडनचा उलरिख साल्खो. हा साधासुधा गडी नव्हे. जागतिक विजेतेपद त्याने एकंदर दहा वेळा मिळवले, आणि आजही बर्फावरच्या एका उडीला त्याचेच नाव आहे. निकाल लागला. साल्खो पहिला. दुसरी मॅज सायर्स. तिसरा जर्मनीचा मार्टिन गॉर्डन. वीस वर्षांची पोर, पायघोळ झगा घालून उतरलेली, आणि साल्खो सोडून बाकी सगळ्या पुरुषांना मागे टाकून आलेली! असे सांगतात, की साल्खोने आपले सुवर्णपदक तिच्यापुढे केले, खरी जिंकलीस ती तू, अशा भावाने. हे घडले असेल तर साल्खोचा मोठेपणा त्यात दिसतो. पण संस्थेचा मोठेपणा काही दिसला नाही.

पुढच्याच वर्षी, १९०३ साली, संस्थेची सभा भरली आणि बायकांना जागतिक स्पर्धेची दारे बंद झाली. कारणे काय दिली गेली ती ऐका. एक, लांब झग्यामुळे परीक्षकांना बायकांचे पाय दिसत नाहीत. दोन, परीक्षकाचे मन एखाद्या स्पर्धक मुलीवर जडलेले असू शकते, मग न्याय कसा होणार? तीन, बायका आणि पुरुष यांची तुलना करणे अवघड आहे.

यातले दुसरे कारण मला मोठे मासलेवाईक वाटते. मन जडायचे परीक्षकाचे आणि बंदी मुलीवर! तिसऱ्याबद्दल काय बोलावे? एक वर्षापूर्वीच तुलना करून झाली होती आणि तीच अडचण होऊन बसली होती. राहिले पहिले कारण, झग्याचे. ते मात्र खरे होते. मॅजने त्यावर वाद घातला नाही. तिने झगा कापला. पोटरीच्या मध्यापर्यंत येईल एवढाच ठेवला. घ्या, आता पाहा पाय!

आपल्याकडे याहून फार निराळे होते असे समजू नका. नाशिकला १८६६ साली जन्मलेल्या कॉर्नेलिया सोराबजी पुण्याच्या डेक्कन कॉलेजात अव्वल आल्या. विलायतेत शिकण्याच्या सरकारी शिष्यवृत्तीवर त्यांचा हक्क होता. ती बाईला देता येत नाही म्हणून नाकारली गेली. त्या दुसऱ्यांच्या मदतीने ऑक्सफर्डला गेल्या, १८९२ साली कायद्याची परीक्षा दिली, आणि पदवी हाती पडली ती थेट १९२२ साली. तीस वर्षांनी! तेव्हा नियमांच्या या गोष्टी बर्फावरच घडत होत्या असे नाही.

पुन्हा मॅजकडे येऊ. जागतिक स्पर्धा बंद झाली, पण इंग्लंडातल्या स्पर्धेला ती बंदी लागू नव्हती. १९०३ साली ब्रिटनची पहिली राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा झाली. स्त्री-पुरुष एकत्रच खेळले. मॅज पहिली आली. पुढच्या वर्षी, १९०४ साली, पुन्हा पहिली आली. आणि दुसरा कोण, ठाऊक आहे? एडगर सायर्स. तिचा नवरा, तिचा गुरू. मघाशी थांबा म्हणालो ते यासाठी. त्या संध्याकाळी घरी काय बोलणे झाले असेल ते इतिहासाने टिपून ठेवलेले नाही. पण पुढेही दोघे जोडीने खेळत राहिले, जोडीने पुस्तके लिहीत राहिले, यावरून एडगररावांनी ते गोड मानून घेतले असावे.

आता संस्थेपुढे अडचण उभी राहिली. बाई बंदीला जुमानत नाही, आणि तिचा खेळ तर सगळ्यांनी पाहिलेला. अखेर १९०५ च्या सभेत बायकांसाठी वेगळी स्पर्धा ठरली. पहिली स्पर्धा १९०६ च्या जानेवारीत स्वित्झर्लंडमधल्या दावोस या डोंगरी गावी झाली. मॅज सायर्स पहिली, ऑस्ट्रियाची येनी हेर्ट्स दुसरी, हंगेरीची लिली क्रॉनबर्गर तिसरी. १९०७ साली व्हिएन्नात पुन्हा स्पर्धा झाली, आणि पहिले तिन्ही क्रमांक पुन्हा तेच, त्याच क्रमाने. एक बारीक गोष्ट मात्र ध्यानात घ्या. या स्पर्धेला त्या वेळी 'जागतिक' हा शब्द लावला नव्हता. ती नुसती संस्थेची महिला स्पर्धा. जागतिक म्हणजे पुरुषांची. बायकांच्या त्या जुन्या विजेतेपदांना जागतिक विजेतेपदाचा मान पुष्कळ वर्षांनी, मागाहून देण्यात आला.

१९०८ साली लंडनला ऑलिंपिक भरले. त्या काळी ऑलिंपिक महिनोन्महिने चाले; हे तर एप्रिलात सुरू झाले आणि ऑक्टोबरच्या अखेरीस संपले. हिवाळी ऑलिंपिक असा वेगळा प्रकार निघायला अजून सोळा वर्षे होती. पण लंडनला बर्फाचे मैदान आयते होते, म्हणून ऑक्टोबरच्या शेवटी तिथे फिगर स्केटिंग घेतले. ऑलिंपिकमध्ये हा खेळ पहिल्यांदाच. जागा कुठली? तोच प्रिन्सेस क्लब, जिथे मॅज मुलगी असताना शिकली होती. पुरुषांत साल्खो जिंकला. बायकांत मॅज उतरली. पाच परीक्षक होते. पाचही जणांनी तिला पहिला क्रमांक दिला. दुसरी जर्मनीची एल्सा रेंडश्मिट, तिसरी इंग्लंडचीच डोरोथी ग्रीनहॉ-स्मिथ. जोडीच्या स्पर्धेत मॅज आणि एडगर यांनी कांस्यपदक घेतले. एडगर तेव्हा पंचेचाळीस वर्षांचे होते!

ही तिची शेवटची मोठी स्पर्धा. प्रकृती साथ देईना. तिने स्पर्धा सोडल्या. नवऱ्याबरोबर या खेळावर पुस्तके लिहिली. ९ सप्टेंबर १९१७ रोजी, पहिले महायुद्ध चालू असताना, हृदयाच्या विकाराने ती वारली. छत्तिसावा वाढदिवस एका आठवड्यावर होता. त्याच साली प्रिन्सेस क्लबही बंद पडला. इंग्लंडात बायकांना संसदेच्या निवडणुकीत मताचा हक्क मिळाला तो त्याच्या पुढच्या वर्षी, तोही तीस वर्षांवरच्यांना.

झग्याचा प्रश्न पुढे साफ निकालात निघाला. १९२४ साली फ्रान्समधल्या शामोनी गावी पहिले हिवाळी ऑलिंपिक झाले, तेव्हा नॉर्वेची अकरा वर्षांची सोन्या हेनी आखूड घागरा घालून बर्फावर आली. लहान मूल म्हणून तिला कुणी काही बोलले नाही. आली शेवटची, आठांत आठवी. पण १९२७ पासून ओळीने दहा वर्षे जागतिक विजेतेपद तिने कुणाला शिवू दिले नाही. १९२८, १९३२ आणि १९३६ अशी तीन ऑलिंपिक सुवर्णपदके मिळवली आणि मग थेट हॉलिवूडच्या चित्रपटांत गेली. तिच्यामुळे आखूड घागरा ही या खेळाची रीतच पडली. मॅजने पोटरीपर्यंत कापला होता तो गुडघ्याच्या वर गेला, आणि या वेळी कुठे सभा भरली नाही.

आपल्याकडे काय? सिमल्याला १९२० पासून उघड्यावरचे बर्फाचे मैदान आहे, पण ते थंडीच्या मेहरबानीवर. देहरादूनला २०११ च्या सुमारास मोठे बंदिस्त मैदान झाले. पुण्याची श्रुती कोतवाल चाकांवरून बर्फावर गेली, परदेशात राहून शिकली आणि भारताकडून स्पर्धांना उतरली. पण तिचा प्रकार शर्यतीचा, आकृत्यांचा नव्हे. आकृत्यांच्या प्रकारात तारा प्रसाद ही अमेरिकेत वाढलेली मुलगी भारताचे नागरिकत्व घेऊन भारताकडून खेळू लागली आणि २०२५ साली चीनमधल्या हार्बिनच्या आशियाई हिवाळी स्पर्धेत आठवी आली. आणि जिथे बर्फच नाही तिथे? तिथे चाके. पुढे दोन, मागे दोन. हाच खेळ, ह्याच गिरक्या, ह्याच उड्या, पण सिमेंटवर किंवा लाकडी फरशीवर. २०१० च्या ग्वांगझू आशियाई क्रीडास्पर्धेत हैदराबादच्या अनुपकुमार यामाने याच चाकांच्या प्रकारात एकेरीत कांस्य मिळवले, आणि अवनी पांचाळबरोबर जोडीतही.

एक गंमत अशी, की बर्फावरच्या मोठ्या स्पर्धांतून आठ काढण्याचा भाग १९९० सालानंतर काढूनच टाकला. प्रेक्षकांना त्यात रस वाटेना. दूरचित्रवाणीवर रेघ दिसेना. उड्या दिसत. म्हणजे मॅज सायर्सने ज्या परीक्षेत नाव काढले, ती परीक्षा बर्फावर उरली नाही. चाकांच्या खेळात मात्र ती टिकली, जमिनीवर आखलेल्या वर्तुळांच्या रूपाने. आमची नात नेरूळच्या सिमेंटवर गिरवत होती ती हीच.

शिक्षक बंधुभगिनींना एक सुचवतो. यासाठी स्केट लागत नाहीत, बर्फ तर नाहीच. शाळेच्या पटांगणात फक्कीने दोन वर्तुळे एकाला एक चिकटून आखा. वर्तुळाचा व्यास मुलाच्या उंचीच्या तिप्पट घ्या. बर्फावरही साधारण हेच माप असे. मध्ये खुंटी ठोकून, दोरी धरून मुलांनाच आखू द्या, भूमितीचा तासही होऊन जाईल. मग एकेकाला रेघेवरून लंगडी घालीत एक वर्तुळ एका पायाने आणि दुसरे दुसऱ्या पायाने पुरे करायला सांगा. बाकीच्यांनी वाकून धुळीतले ठसे तपासायचे आणि गुण द्यायचे. लंगडी आपल्या पोरांना शिकवावी लागत नाही. तरीही पुष्कळजण चुकतील, आणि चुकतील ते बहुधा दोन वर्तुळे जिथे टेकतात तिथेच, पाय बदलताना.

मी ही सगळी हकिकत त्या संध्याकाळी घरी येताना नातीला सांगितली. तिने शांतपणे ऐकून घेतली. साल्खोचे नाव तिला ठाऊक होते, उडीमुळे. मॅज सायर्सचे नव्हते. जिना चढताना तिने एकच विचारले, "आजोबा, झगा कापला म्हणजे कुठपर्यंत?" मी वाकून हाताने माझ्या पोटरीवर खूण करून दाखवली. तिने आपल्या पायाकडे पाहिले, बुटांची पिशवी खांद्यावर सारखी केली आणि दोन-दोन पायऱ्या घेत वर गेली.